सोबत : शपथपत्र एक

१२ जून

प्रिय ताई,

पत्राच्या सुरुवातीला खुशाली विचारायची असते, ती विचारली असं समज. आज मला माझंच रडगाणं गायचंय.

माझी बदली झाली. काल दुपारी मी जलवाहिनीच्या नकाशावर मान मोडून बसलो होतो, तर आवक-जावकच्या बाईंनी लिफाफा पुढे धरला आणि म्हणाल्या, "सही करा, आणि चहा पाजा." त्यांना वाटलं बढती आहे. निघाली बदली. तीही कुठे, तर मुख्य रचना कार्यालयात. इथून दीड दिवसाचा प्रवास. महिनाभरात रुजू व्हा म्हणे.

संध्याकाळी बाबांना सांगितलं. ज्या माणसानं तीस वर्षं आस्थापना शाखेत बसून लोकांच्या बदल्यांचे हुकूम लिहिले, तो काय विचारणार? "जावक क्रमांक काय? तारीख कधीची?" मी सांगितली. "बरं," म्हणाले आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहिले.

काचबिंदू आता पार पुढे गेलाय. डाव्या डोळ्याला फक्त उजेड कळतो, उजव्याला समोरच्या माणसाचा आकार. घरात वावरतात ते मोजून. पलंगापासून मोरी अकरा पावलं, दारापासून ओटा सात. मी खुर्ची वीतभर सरकवली तरी आपटतात आणि वर मलाच म्हणतात, "फर्निचरची बदली करताना आम्हाला प्रत देत जा." त्यांना घेऊन जावं तर नव्या घरात ते पहिल्या दिवसापासून ठार आंधळे होतील. इथे निदान पावलं पाठ आहेत.

हे सगळं साहेबांचं काम आहे, मला खात्री आहे. मागच्या महिन्यात त्यांनी न टाकलेली वाहिनी नकाशात दाखवायला सांगितली, मी नाही म्हणालो. त्याचा हा सूड. मी कोर्टात जातोय. वकीलबाई हुशार आहेत. त्या म्हणतात, दोन मुद्दे पुरेत : एक, बदली आकसानं झाली. दोन, आंधळ्या वडिलांना पाहणारं दुसरं कोणी नाही. दुसऱ्या मुद्द्यासाठी तुझं शपथपत्र लागेल, की तुला त्यांना सांभाळणं शक्य नाही. मसुदा सोबत पाठवतोय. वाईट वाटून घेऊ नकोस, कोर्टाची भाषाच तशी असते.

तुझा ढब्बू
(वय वर्षं एक्केचाळीस)

२० जून

प्रिय ढब्बू,

शपथपत्र सोबत आहे. सही केली, शिक्का मारून घेतला. शिक्का मारणारा माणूस जांभया देत होता. त्यानं मला मोठ्यानं वाचायला लावलं : "मी शपथेवर लिहून देते की माझ्या वडिलांचा सांभाळ करणे मला कोणत्याही परिस्थितीत शक्य नाही." मागे रांगेत चार माणसं उभी होती. माझा आवाज मलाच ऐकवेना.

काय करू? दोनच खोल्या. एकीत सासूबाई अंथरुणाला खिळलेल्या. यांचा स्वभाव तुला माहीत आहे, मोजकं बोलणार आणि जे बोलणार ते दार लावल्यासारखं. शाळेच्या प्रयोगशाळेत दिवसभर पोरांनी फोडलेल्या नळ्या मोजायच्या आणि घरी येऊन सासूबाईंची अंथरुणं बदलायची. त्यात बाबांना आणून कुठे ठेवू?

पण खरं सांगू? एकदा जाऊन बघायला काय हरकत होती तुला? मुख्य रचना कार्यालय म्हणजे तुझ्या कामातली केवढी मोठी जागा. लहानपणी भिंतींवर धरणं काढायचास, मार खायचास. दोनदा बढती नाकारलीस. लग्नाचं तर नावच काढू देत नाहीस. रागावू नकोस, मोठी बहीण आहे म्हणून बोलले.

एक कर. हे शपथपत्र बाबांना वाचून दाखवू नकोस. एवढं माझं ऐक.

तुझी ताई

९ जुलै

प्रिय ताई,

हे पत्रच पेढे समज आणि तोंड गोड कर. स्थगिती मिळाली! पुढचा हुकूम होईपर्यंत मला हलवता येणार नाही. न्यायाधीशांनी वडिलांबद्दलचा परिच्छेद दोनदा वाचला. सरकारी वकिलांनी उत्तर द्यायला वेळ मागून घेतला. साहेबही आले होते. माझ्याकडे असे बघत होते, जणू मीच त्यांच्यावर अन्याय केलाय. मी मान फिरवली.

घरी येऊन बाबांना सांगितलं तर म्हणाले, "अर्ज वाच." मी अर्ज वाचला. थांबलो. म्हणाले, "परिशिष्टं?" ताई, तू नको म्हणाली होतीस, माझ्या लक्षात होतं. मी म्हटलं, परिशिष्टं काय, नेहमीचीच. तर हात पुढे करून कागद चाचपले, पानं मोजली आणि म्हणाले, "चार पानं राहिली. जोडपत्रांशिवाय कागद पुरा होत नाही." मग काय करणार? डॉक्टरांचा दाखला वाचला, तुझं शपथपत्र वाचलं. ते दोनदा वाचायला लावलं. मग म्हणाले, "मसुदा चांगला आहे. कुठे पळवाट ठेवली नाही." तेव्हा तू उगाच मनाला लावून घेत होतीस. जुना हेडक्लार्क आहे तो, त्याला भाषा कळते.

हल्ली मात्र एक खूळ शिरलंय. चहा स्वतः करायचा. परवा मनगट भाजून घेतलं. मी ओरडलो तर म्हणतात, "सराव नाही, होईल." त्यांचा तो जुना शिपाई, तोही आता निवृत्त झालाय, रोज सकाळी येतो आणि त्यांना हात धरून फिरायला नेतो. दोन-दोन तास येत नाहीत. कुठे जाता विचारलं तर दोघंही हसतात. आणि रोज रात्री जेवताना एकच प्रश्न : सरकारचं उत्तर कधी येणार? माझ्यापेक्षा त्यांनाच केसची काळजी.

तुझा ढब्बू

१६ जुलै

ढब्बू,

तुझं पत्र वाचून मी प्रयोगशाळेत स्टुलावर बसले ती घंटा होईपर्यंत उठलेच नाही. तुला सांगितलं होतं ना, वाचू नकोस म्हणून!

आता माझं एक ऐकशील? केस मागे घे. सरकारचं उत्तर यायच्या आत. कारण विचारू नकोस. साहेबांवर आकसाचा आरोप केलायस ना, तो तरी मागे घे. त्या माणसाला उत्तर द्यायला लावू नकोस.

बाबा कसे आहेत ते लगेच कळव. जेवतात का? माझं नाव काढतात का?

ताई

१८ ऑगस्ट

ताईस,

महिनाभर लिहिलं नाही, कारण तुझ्या पत्राचा राग आला होता. आता राग नाही. काय आहे ते मला नीट सांगता येत नाही.

आज सरकारचं उत्तर दाखल झालं. वकीलबाईंनी माझी प्रत व्हरांड्यात हातात दिली आणि म्हणाल्या, "परिशिष्ट तीन बघा. मला हे आधी का सांगितलं नाहीत?"

परिशिष्ट तीन म्हणजे एका अर्जाची छायाप्रत. वाचायच्या आधीच ओळखलं. नजर गेल्यापासून बाबा लाकडी पट्टी धरून लिहितात, ओळ सुटू नये म्हणून. त्यामुळे अक्षरांचा खालचा भाग पट्टीवर कापला जातो आणि ओळ जमिनीवर ठेवल्यासारखी सपाट दिसते. जगात असं दुसरं कोणी लिहीत नसेल. तो अर्ज मला पाठ झालाय, तुझ्यासाठी उतरवतो.

"विषय : मुलाच्या बदलीबाबत. महोदय, माझा मुलगा आपल्या कार्यालयात आरेखक आहे. माझ्या आजारपणास्तव त्याने दोन वेळा बढती नाकारली आहे. त्याची नेमणूक मुख्य रचना कार्यालयात व्हावी, अशी विनंती आहे. माझी देखभाल करणारे कोणी नाही असे तो सांगेल. ते ग्राह्य धरू नये. माझी मुलगी मला घेऊन जाण्यास तयार असून तसे तिने मला समक्ष सांगितले आहे. सदर अर्जाबाबत मुलास कळू देऊ नये."

तारीख जानेवारीची. मी आठ दिवस मोजणीला बाहेर होतो आणि तू बाबांपाशी राहायला आली होतीस, तेव्हाची.

सरकारी वकिलांनी हे भर कोर्टात वाचलं. मग न्यायाधीशांनी पानं उलटली आणि तुझं शपथपत्र काढलं. एका हातात बाबांचा कागद, दुसऱ्यात तुझा. मला विचारलं, "यातलं खरं काय?" मी वकीलबाईंकडे बघितलं. पुढची तारीख दिली.

बाहेर साहेब भेटले. म्हणाले, "तुझ्या बाबांना शब्द दिला होता, तुला कळू देणार नाही. तूच आरोप केलास. मग मला कागद लावावा लागला." वाहिनीचं म्हणशील तर तो नकाशा त्यांनी तेव्हाच फाडून टाकला होता. मी त्यांच्या पाया पडायचाच बाकी होतो.

घरी आलो. बाबांनी आवाजावरून ओळखलं. "परिशिष्ट लावलं?" एवढंच विचारलं. मी हो म्हणालो. "लावणारच. त्याशिवाय उत्तर पुरं होत नाही." मग मला जवळ बोलावून डोक्यावर हात ठेवायला गेले, तो माझ्या कानावर पडला. मी रडलो, ताई. ते नाही रडले.

तू त्यांना काय सांगितलं होतंस?

तुझा भाऊ

२५ ऑगस्ट

ढब्बू,

सांगते. सगळं सांगते.

तू मोजणीला गेला होतास. मी तुझं कपाट आवरत होते. त्यात तुझी दोन्ही बढतीनकाराची पत्रं सापडली, आणि त्या मुलीची चिठ्ठी, जिला तू "वडील आहेत तोवर थांब" म्हणाला होतास आणि जी सहा वर्षं थांबून मग थांबली नाही. माझं डोकं फिरलं. मी बाबांसमोर उभी राहिले आणि नको ते बोलले. म्हणाले, "तुमच्या पायी त्याच्या आयुष्याचं मातेरं झालं. तुम्ही त्याला धरून ठेवलंय." ते पलंगावर हात गुडघ्यांवर ठेवून बसले होते. म्हणाले, "मग मी काय करू?" अगदी लहान मुलानं विचारावं तसं. मी म्हणाले, "माझ्याकडे चला. मी नेते तुम्हाला. त्याला मोकळा करा."

रागाच्या भरात बोलले, पण खोटं नव्हतं बोलले. त्या वेळी खरंच न्यायचं होतं. मग घरी आले, दोन खोल्या बघितल्या, सासूबाईंचं अंथरूण बघितलं, यांचा चेहरा बघितला आणि उद्या विचारू, परवा विचारू करत राहिले. बाबा वाट बघत असतील हे मला दर दिवशी माहीत होतं. त्यांनी अर्ज केला हे मात्र मला जूनमध्ये कळलं, तुझ्या पत्रात हुकूम वाचला तेव्हा. मनात लख्ख कळलं. आणि तरी मी शपथपत्रावर सही केली. तुला सांगितलं असतं तर आधी मला बाबांना आणावं लागलं असतं. सही करणं सोपं होतं. मी सोपं ते केलं.

मला काय म्हणायचं ते म्हण.

ताई

१४ सप्टेंबर

ताई,

बाबा घरी नाहीत.

परवा एका दिवसासाठी बाहेरगावी जावं लागलं. शेजारच्या काकूंना सांगून गेलो होतो. काल आलो तर अंथरुणाची घडी, चहाचं भांडं घासून पालथं, आणि टेबलावर चिठ्ठी, पट्टी धरून लिहिलेली : "मी टेकडीखालच्या वृद्धाश्रमात दाखल झालो आहे. सोबत शिपाई आहे. दुधाचे सांगून ठेवले आहे. आता स्थगितीला आधार उरत नाही, तरी अर्ज मागे घ्यावा." खाली सही. सहीखाली तारीख. कार्यालयाला पाठवतात तशी.

रोज सकाळी दोन तास कुठे जात होते ते आता कळलं. तिथली पावलं मोजायला जात होते! शिपायानं सांगितलं, कंपाउंडच्या बाहेरून सुरुवात केली, मग आत जाऊन व्हरांडा, मग जेवणाची खोली. दोन महिने. आणि मी कोर्टात शपथेवर सांगत होतो की नवीन जागी त्यांना एक पाऊल टाकता येणार नाही.

मी तसाच धावत गेलो. म्हटलं, घरी चला. नाही तर माझ्याबरोबर चला, मी तिकडे नेतो. म्हणाले, "तिकडे आलो तर तू पुन्हा संध्याकाळी सहाला पळत घरी येशील. रुजू हो. मग सुट्टीत ये." मी हट्ट केला, भांडलो. निघताना म्हणाले, "ताईला काही बोलला नाहीस ना?" मी खोटं बोललो. म्हणालो, नाही.

आज अर्ज मागे घेतला. वकीलबाईंनी माझ्याकडे न बघता कागद पुढे केला. सोमवारी निघतोय.

तुला एवढंच सांगतो, त्यांना घेऊन येता आलं तर बघ. मला जमलं नाही.

ढब्बू

३ नोव्हेंबर

प्रिय ढब्बू,

तुझं नव्या पत्त्यावरचं कार्ड मिळालं. खिडकीतून झाड दिसतं, टेबल मोठं आहे, नवे साहेब बरे आहेत, एवढंच लिहिलंस. बाबांना दाखवण्यासाठी लिहिलंस ते कळलं. मी त्यांना वाचून दाखवलं. म्हणजे, मी जाऊन आले.

आधी हे ऐक. मागच्या आठवड्यात मी यांना विचारलं. दहा महिने जे विचारायला घाबरत होते ते भाजी निवडता निवडता विचारलं : बाबांना आणू का? हे पेपर वाचत होते. म्हणाले, "आण की. माझ्या आईच्या खोलीत झोपतील. दोघांनाही सोबत होईल." मी हातातली भाजी खाली ठेवली. म्हटलं, तुम्हाला चालेल? तर म्हणाले, "तू विचारलंस कधी?" ढब्बू, मी यांना कधी विचारलंच नव्हतं. तुला लिहिलं तेही आपलं मीच ठरवून लिहिलं होतं. ती रात्र मी कशी काढली ते मला ठाऊक.

काल बॅग घेऊन गेले. बाबांची मोठी बॅग, माझ्या लग्नात घेतलेली. ते व्हरांड्यात बसले होते. मी दहा हातांवर असतानाच म्हणाले, "चप्पल बदललीस वाटतं. पण चाल तीच आहे." बारीक झालेत. स्वच्छ सदरा होता, एक बटण मात्र भलत्याच काजात लागलं होतं. मी ते नीट लावलं आणि म्हणाले, "चला, घरी न्यायला आले."

त्यांचा चेहरा फुलला, खोटं नाही सांगत. हात पुढे झाला. मग तो हात त्यांनीच मागे घेतला. म्हणाले, "बस जरा. तुला कागद दाखवतो."

त्यांनी कार्यालयातून स्वतःची फाईल मागवली. व्यवस्थापक सज्जन आहेत, त्यांनी आणून दिली. वर बाबांचा प्रवेशअर्ज, सपाट ओळींचा. त्यात रकाना होता : देखभाल करणारे कोणी नसल्याचा पुरावा. खाली लिहिलं होतं, परिशिष्ट एक, मुलाच्या बदलीचा हुकूम. परिशिष्ट दोन, मुलीचे शपथपत्र. माझं शपथपत्र, ढब्बू. कोर्टातून त्याची शिक्क्याची नक्कल काढून आणली होती शिपायाबरोबर. "मला वाटलं, साधी प्रत चालणार नाही," म्हणाले. त्यात टोमणा नव्हता. असता तर बरं झालं असतं.

मी त्यांचे हात धरले. म्हणाले, "बाबा, ते खोटं होतं. मी घाबरून लिहिलं. चला ना."

ते हळू बोलले, कोणी ऐकू नये असं. "असं म्हणू नकोस. कोर्टात शपथेवर दिलंयस. मी तुझ्या घरी राहायला आलो तर तू खोटी ठरशील. उद्या कोणी बोट ठेवलं तर? सरकारी शाळेतली नोकरी तुझी."

मी म्हणाले, "कोण ठेवणार बोट? केस संपली."

"केस संपली तरी फाईल असते," म्हणाले. "मी तीस वर्षं सांभाळल्यात. नंतर कोण उघडतं ते सांगता येत नाही." आणि माझी पाठ थोपटत राहिले, जणू वाचवायचं मला होतं. मी पुष्कळ विनवण्या केल्या. तिथेच जमिनीवर बसून रडले. ते म्हणत राहिले, "रविवारी येत जा. रविवारी भेटायला यायला काही हरकत नाही, ते शपथपत्राच्या आड येत नाही."

जेवणाची घंटा झाली तसे उठले. मी हात द्यायला गेले तर म्हणाले, "मोजू दे." ओठ हलवत गेले. सव्वीस पावलं. मी मागे उभी राहून मोजली.

निघताना व्यवस्थापकांनी भेटीची वही पुढे केली. आधी भरायची राहिली होती. नाव, वेळ, आणि नातं. मी नात्याच्या रकान्यात "मुलगी" लिहिलं आणि शेजारी सही केली. त्यांनी वही वळवून घेतली, बाबांची फाईल परत येऊन त्यांच्या टेबलावरच होती, ती उघडली, आणि शपथपत्रावरची सही माझ्या सहीशी ताडून बघितली.

"बरोबर," म्हणाले. "तीच आहे."

रिकामी बॅग घेऊन घरी आले.

तुझी ताई